हप्ता किती, आणि घर केवढ्याला?

गेल्या महिन्यात एका रविवारी सकाळी माझी धाकटी भाची आणि तिचे यजमान घरी आले. हातात पेढ्यांचा पुडा होता. मला वाटले, बढतीबिढती मिळाली असेल. पण पुडा टेबलावर ठेवता ठेवता भाची म्हणाली, "मामा, घर ठरलं. धायरीला. चाळीस लाखांना."

आनंद झाला. दोघे नोकरी करतात, लग्नाला सात वर्षे झाली, आणि सात वर्षांत भाड्याची तीन घरे बदलून झाली. दहा लाख रुपये त्यांनी पोटाला चिमटा घेऊन साठवले आहेत. बाकीचे तीस लाख बँकेकडून कर्जाऊ घ्यायचे. पेढा तोंडात टाकला आणि विचारले, "मग आता अडलंय कुठे?"

"अडलं कुठेच नाही. वीस वर्षांसाठी कर्ज घेतलं तर हप्ता सव्वीस हजार पडतो. पंचवीस वर्षांचा चोवीस, तीस वर्षांचा तेवीस. कर्ज देणारा माणूस म्हणतो, तीस घ्या, हलकं पडेल. तुम्ही हिशेबातले, म्हणून म्हटलं एकदा तुमच्या कानावर घालावं."

मी पस्तीस वर्षे एका कारखान्यात हिशेबनीस होतो, त्यामुळे नातेवाइकांत अशी कामे माझ्याकडे येतात. मी म्हटले, "बरं, घर केवढ्याला पडलं?"

"चाळीस लाखांना. आत्ताच सांगितलं ना मामा."

"ते ऐकलं. पण घर केवढ्याला पडलं?"

जावईबापूंनी माझ्याकडे जरा काळजीने पाहिले. वय झाले की ऐकू कमी येते, असे त्यांना वाटले असावे. मग मी जुन्या दिनदर्शिकेचे एक पान फाडले, ते उलटे केले, आणि आम्ही तिघे हिशेबाला बसलो. त्या पानावर जे उतरले तेच आज आपणांस सांगणार आहे. घर घेऊ पाहणाऱ्या बहुतेक कुटुंबांत हप्ता किती ते सगळ्यांना तोंडपाठ असते. घर एकूण केवढ्याला पडणार, हे मात्र फारसे कोणी विचारत नाही.

उदाहरणासाठी व्याजाचा दर वर्षाला साडेआठ टक्के धरू. दर खालीवर होतात, त्यांच्याकडे मागाहून येतो. तीस लाख रुपये, वीस वर्षे, साडेआठ टक्के. हप्ता येतो २६,०३५ रुपये. वर्षाचे महिने बारा, वीस वर्षांचे दोनशे चाळीस. गुणाकार केला की ६२ लाख ४८ हजार होतात. म्हणजे घेतले तीस, परत द्यायचे साडेबासष्ट. त्यांत स्वतःचे दहा लाख मिळवा. चाळीस लाखांचे घर बहात्तर लाखांच्या पुढे गेले. भाचीने पेन्सिल माझ्या हातातून घेतली आणि गुणाकार पुन्हा करून पाहिला. आकडा तोच आला.

हे असे का होते, ते कळायला हप्त्याच्या पोटात शिरावे लागते. व्याज म्हणजे पैशाचे भाडे. दुसऱ्याचे घर वापरले तर आपण घरभाडे देतो, तसे दुसऱ्याचे पैसे वापरले की पैशाचे भाडे. आणि हे भाडे महिन्याच्या महिन्याला, जेवढे मुद्दल अजून आपल्याकडे आहे तेवढ्यावर बसते. पहिल्या महिन्यात पूर्ण तीस लाख आपल्याकडे आहेत. त्यांचे एका महिन्याचे भाडे २१,२५० रुपये. आपण हप्ता भरला २६,०३५. बँक आधी आपले भाडे काढून घेते, आणि मग जे उरते ते मुद्दलात जमा करते. उरतात किती? ४,७८५. दुसऱ्या महिन्यात मुद्दल तेवढ्याने कमी झालेले असते, म्हणून भाडे चौतीस रुपयांनी उतरते आणि मुद्दलात चौतीस रुपये जास्त जातात. अशी ही मुंगीच्या पावलांची चाल आहे. पहिल्या वर्षभरात आपण ३ लाख १२ हजार रुपये भरतो आणि मुद्दल साठ हजारांनीसुद्धा कमी होत नाही. पाच वर्षांनी १५ लाख ६२ हजार भरून झालेले असतात, तरी २६ लाख ४४ हजार देणे उरलेले असते. दहा वर्षे झाली, अर्धी वाट सरली, असे म्हणून आपण सुस्कारा सोडावा, तर अजून एकवीस लाख बाकी! तीसाचे पंधरा लाख व्हायला जवळजवळ चौदा वर्षे लागतात.

यात बँकेची लबाडी काही नाही, हे स्पष्ट सांगतो. घटत्या मुद्दलावर व्याज हा हिशेब चोख आहे. कोणीही चौथीपाचवीचे गणित येणारा माणूस कागदावर तो पडताळू शकतो. गोम आहे ती आपल्या नजरेत. आपण पाहतो हप्त्याकडे, आणि हप्ता मात्र दोन निरनिराळ्या गोष्टी एका पाकिटात घालून आपल्यापुढे ठेवतो.

आता मुदतीची गोष्ट. हेच कर्ज पंधरा वर्षांसाठी घेतले तर हप्ता २९,५४२ रुपये आणि एकूण फेड ५३ लाख १८ हजार. पंचवीस वर्षांसाठी हप्ता २४,१५७ आणि फेड ७२ लाख ४७ हजार. तीस वर्षांसाठी हप्ता २३,०६७ आणि फेड ८३ लाख ४ हजार. पंचवीसावरून तीसावर गेल्याने हप्ता कितीने हलका झाला? १,०९० रुपयांनी. पंचवीस वर्षे दरमहा १,०९० वाचले, म्हणजे ३ लाख २७ हजार. आणि त्यापुढची पाच वर्षे दरमहा २३,०६७ भरावे लागले, म्हणजे १३ लाख ८४ हजार. तीन वाचवायला तेरा-चौदा मोजले. मी जावईबापूंना विचारले, "आपलं वय काय?" म्हणाले, "पस्तीस." "आणि निवृत्ती?" "अठ्ठावन्नाव्या वर्षी." त्यांनी स्वतःच वजाबाकी केली. तीस वर्षांचे कर्ज त्यांच्या पासष्टाव्या वर्षी संपणार होते. शेवटची सात वर्षे पगार नाही आणि हप्ता आहे. कर्ज देणाऱ्याने ते कसे काय मान्य केले, असे तुम्ही विचाराल. कर्जदार दोघे आहेत, भाची त्यांच्याहून दोन वर्षांनी लहान, आणि कागदोपत्री अशा गोष्टी बसवता येतात.

आपल्याकडे जुन्या काळी दामदुपटीचा दंडक होता. व्याजाची थकलेली रक्कम एका वेळी मुद्दलापेक्षा जास्त वसूल करता येणार नाही, असा हा हिंदू धर्मशास्त्रातला नियम. मुंबई इलाख्यातली इंग्रजी न्यायालयेही तो मानीत असत. वीस वर्षांच्या आपल्या उदाहरणात व्याज साडेबत्तीस लाख आहे, मुद्दल तीस. तेव्हा दामदुपट तर उलटूनच गेली, असे कोणी म्हणेल. पण तो नियम थकबाकीला होता. वेळच्या वेळी भरत गेलेल्या व्याजाची बेरीज कितीही झाली तरी त्याला तो आडवा येत नसे. मला त्या काळातली दुसरी एक गोष्ट जास्त महत्त्वाची वाटते. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी शेतकऱ्यांनी सावकारांवर हल्ला केला आणि पुढे गावोगाव कर्जरोख्यांच्या होळ्या झाल्या. त्यानंतर सरकारने चौकशी केली आणि १८७९ साली दक्षिणेतल्या शेतकऱ्यांसाठी एक स्वतंत्र कायदा केला. त्या कायद्यात शेतकऱ्याला पैसे भरल्याची लेखी पावती मागण्याचा आणि दरसाल आपल्या खात्याचा उतारा मागण्याचा हक्क दिला होता. आपण किती दिले, त्यातले व्याजात किती गेले आणि देणे किती उरले, हे ऋणकोला कळलेच पाहिजे, एवढीच त्यामागची दृष्टी. शेतकऱ्याला रोख्यातला आकडा कळत नव्हता म्हणून ते सारे घडले, असे म्हणणे अर्धवट होईल. पाऊस, सारा, कापसाचे पडलेले भाव हीही कारणे होतीच. पण खाते न कळणे हे त्यांतले एक होते.

आणि खाते न कळणारा माणूस अडाणीच असतो असे नाही. माझीच गोष्ट सांगतो. मी हिशेबनीस! २००३ साली मी आठ लाखांचे कर्ज घेतले. त्या वेळी व्याज स्वस्त होते. साडेसात टक्के दर, पंधरा वर्षे मुदत, हप्ता ७,४१६ रुपये. दर बदलता होता, करारात तसे लिहिले होते, आणि मी ते वाचून सही केली होती. पुढे दर चढत गेले. मला पत्रे येत असतील, मी ती फाइलला लावीत असेन. हप्ता तोच होता ना! दरमहा ७,४१६ पगारातून कापले जात, म्हणून मी निर्धास्त होतो. २००७ साली आयकराच्या कामासाठी खात्याचा उतारा मागितला. त्यात मुद्दल पावणेसात लाखांच्या आसपास शिल्लक दिसले, दर अकरा टक्के, आणि उरलेले हप्ते एकशे सत्त्याण्णव. मी चष्मा पुसून पुन्हा वाचले. एकशे सत्त्याण्णव महिने म्हणजे जवळजवळ साडेसोळा वर्षे. पंधरा वर्षांचे कर्ज, त्यातली चार वर्षे एक हप्ता न चुकवता भरली, आणि उरली साडेसोळा! मी २०१७ मध्ये निवृत्त होणार होतो आणि कर्ज २०२३-२४ पर्यंत पोचले होते. दर वाढला की हप्ता वाढवायचा नाही, मुदत लांबवायची, अशी तिथली पद्धत होती. तसे कागदात बारीक अक्षरात होतेही. मला कोणी विचारले नव्हते, आणि मीही कोणाला विचारले नव्हते. दुसऱ्यांच्या वह्या तपासण्यात माझी हयात गेली, आणि घरचे खाते चार वर्षे उघडून पाहिले नाही, हे सौभाग्यवतीला सांगताना फार जड गेले. ती एवढेच म्हणाली, "बरं झालं आत्ता कळलं." आम्ही दुसऱ्या महिन्यापासून हप्ता दीड हजारांनी वाढवून घेतला, आणि दर दिवाळीचा बोनस व तिच्या पोस्टातल्या आवर्ती ठेवीचे पैसे कर्जात भरीत गेलो. २०१४ साली मोकळे झालो.

दर बदलला आणि हप्ता जागचा हलला नाही, तर काय होऊ शकते त्याचा अलीकडचा नमुना पाहा. रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ज्या दराने ती बँकांना अल्प मुदतीसाठी पैसे देते तो दर, २०२२ च्या मे महिन्यापर्यंत चार टक्के होता. २०२३ च्या फेब्रुवारीत तो साडेसहावर गेला. २०१९ च्या ऑक्टोबरपासून बँकांच्या नव्या बदलत्या दराच्या गृहकर्जांचा दर अशा बाहेरच्या दराला बांधलेला असतो, त्यामुळे रेपो चढला की तीन महिन्यांच्या आत घरकर्जही चढते. समजा, एखाद्याने तीस लाख सात टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले होते. हप्ता २३,२५९. एक वर्ष भरले, मुद्दल २९ लाख २९ हजारांवर आले, आणि दर एकदम साडेनऊ झाला असे धरा. आता महिन्याचे व्याज होते २३,१८५. हप्त्यातून मुद्दलात जाणार किती? चौऱ्याहत्तर रुपये! चौऱ्याहत्तर रुपयांत हल्ली चार माणसांचा चहासुद्धा धड होत नाही, आणि त्यावर एकोणतीस लाखांचे मुद्दल फेडायचे. दर आणखी पाव टक्का चढता तर हप्त्यातून व्याजही भागले नसते आणि भरता भरता कर्ज वाढत गेले असते.

२०२३ च्या ऑगस्टमध्ये रिझर्व्ह बँकेने याची दखल घेतली. दर वाढताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की दोन्ही थोडे थोडे करायचे, हे कर्जदाराला विचारावे. मुदत अशी लांबवू नये की हप्त्यातून व्याजही भागणार नाही. आणि दर तीन महिन्यांनी खात्याचा उतारा द्यावा, त्यात आजवर मुद्दल किती वसूल झाले, व्याज किती, हप्ते किती उरले हे साध्या शब्दांत असावे, असे तिने सांगितले. सुप्यानंतरच्या कायद्यात वर्षाचा उतारा होता, आता तिमाही झाला. तो घरी येतो, किंवा फोनवर येतो. उघडून पाहण्याचे काम मात्र आपले.

आता दुसरी बाजूही मांडली पाहिजे, नाही तर मी भाचीला उगाच घाबरवले असे होईल. साडेबासष्ट लाख हा आकडा खरा आहे. पण ते रुपये सगळे आजचे नाहीत. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाइतका वजनदार नसणार. महागाई वर्षाला पाच टक्के धरली, तर वीस वर्षांनंतरच्या रुपयात आजच्या अडतीस पैशांचा माल येईल. म्हणजे शेवटचा २६,०३५ चा हप्ता आजच्या ९,८०० रुपयांसारखा लागेल. मधल्या काळात पगारही वाढतील. सुरुवातीचा हप्ता जड आणि शेवटचा हलका, हा अनुभव सर्वांचाच आहे. शिवाय आज ही दोघे चौदा हजार घरभाडे देतात. ते दर वर्षी वाढते आणि कधी संपत नाही. तेव्हा कर्ज काढून घर घेणे हा मूर्खपणा आहे, असे मी मुळीच म्हणत नाही. रोख पैसे साचेपर्यंत थांबायचे म्हटले तर आपल्यासारख्या पगारदारांपैकी फार थोड्यांना स्वतःचे छप्पर मिळेल. माझे म्हणणे एवढेच, की घराची किंमत दोन आकड्यांत असते. एक बिल्डर सांगतो. दुसरा आपण मुदतीचा रकाना भरतो तेव्हा आपल्याच हाताने लिहितो.

दुसऱ्या आकड्याशेजारी काही किरकोळ आकडे उभे असतात, आणि ते किरकोळ नसतात. पुणे महापालिकेच्या हद्दीत घराच्या खरेदीखतावर मुद्रांक शुल्क वगैरे मिळून सात टक्के बसते. चाळीस लाखांवर २ लाख ८० हजार. नोंदणीचे तीस हजार वेगळे. खरेदी एकट्या स्त्रीच्या नावाने असेल तर महाराष्ट्रात २०२१ पासून शुल्कात एक टक्क्याची सवलत आहे. इथे भाची म्हणाली, "हे जरा यांना मोठ्यानं ऐकवा, मामा." जावईबापूंनी ऐकल्यासारखे केले नाही. ही रक्कम सहसा कर्जातून मिळत नाही, पदरची घालावी लागते. म्हणजे दहा लाख साठले आहेत म्हणून दहाही लाख घराच्या किमतीत घालता येत नाहीत. घर बांधून तयार नसेल तर जीएसटी आहे. कर्ज देणाऱ्याचे प्रक्रिया शुल्क आहे. सोसायटीचा देखभाल खर्च, घरपट्टी, ही तर जन्माची सोबत.

एक गोष्ट मात्र आवर्जून सांगतो, कारण ती गोड बोलून गळ्यात पडते. कर्जाबरोबर विमा. कमावत्या माणसाचे काही बरेवाईट झाले तर घर जाऊ नये म्हणून विमा असावाच. पण त्याचा साठ हजारांचा एकरकमी हप्ता "तुम्हाला आत्ता काही भरायला नको, कर्जातच धरतो" असे म्हणून मुद्दलात मिळवतात. वीस वर्षांत त्या साठ हजारांचे सव्वा लाख होतात. विमा वेगळा, दरवर्षी भरायचा, कुठूनही घेतलेला चालेल का, हे विचारायला लाजू नये. २०२४ च्या ऑक्टोबरपासून कर्जाची मुख्य माहिती एका ठरावीक नमुन्याच्या कागदावर सहीपूर्वी देणे बँकांना बंधनकारक आहे, आणि त्यात सगळे शुल्क धरून वर्षाला खरा दर किती पडतो तोही आकडा असतो. जाहिरातीतल्या दरापेक्षा तो पाहावा.

आयकराच्या सवलतीचे प्रकरण मी थोडक्यात उरकतो, कारण तिच्यासाठी कर्ज लांबवणारे लोक मला कधी समजले नाहीत. जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते. नवी करपद्धती निवडली तर मिळत नाही. मिळाली तरी शंभर रुपये व्याज दिल्यावर फार तर तीसेक रुपये कराचे वाचतात. उरलेले सत्तर गेलेच की.

एव्हाना पान दोन्ही बाजूंनी भरले होते आणि पोह्यांच्या बशा रिकाम्या झाल्या होत्या. जावईबापू म्हणाले, "मग मामा, यावर इलाज काय? वीस वर्षांचा हप्ताही आम्हाला ओढूनताणूनच बसतोय." प्रश्न रास्त होता. मी म्हटले, लवकर भरलेला रुपया आणि उशिरा भरलेला रुपया यांत किती फरक आहे तो पाहा. वीस वर्षांचे कर्ज घेतले आणि पहिले वर्ष संपताना कुठून तरी एक लाख रुपये जास्तीचे भरले, हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे अठरा हप्ते गळून पडतात. अठरा हप्ते म्हणजे ४ लाख ७० हजार. तोच एक लाख पंधरा वर्षे झाल्यावर भरला, तर सहाही हप्ते धड कमी होत नाहीत. दीड लाखावर गोष्ट थांबते. लाख तोच, पण पहिल्या वेळी त्याने एकोणीस वर्षांचे भाडे वाचवले, दुसऱ्या वेळी पाच वर्षांचे. एकदम लाख जमत नसेल, तर वर्षाला बाराऐवजी तेरा हप्ते भरायचे. वीस वर्षांचे कर्ज सोळा वर्षे आठ महिन्यांत संपते आणि सव्वासहा लाखांच्या आसपास वाचतात. आमच्या वेळी असे जास्तीचे पैसे भरले की वर दंड द्यावा लागे. मी दोनदा दिला आहे. २०१२ साली रिझर्व्ह बँकेने बदलत्या दराच्या गृहकर्जांवर असा दंड घ्यायला बँकांना मनाई केली. पैसे भरताना मात्र लेखी सांगायचे, की हप्ता कमी करू नका, मुदत कमी करा. हे सांगितले नाही तर कधी कधी हप्ता उतरवून देतात, आणि माणूस खूश होऊन घरी जातो.

आणि सगळी पुंजी कर्जात ओतायची नाही, हेही त्याच दमात सांगितले. सहा महिन्यांचा घरखर्च आणि हप्ते भागतील एवढे बाजूला असावेत. नोकरी गेली किंवा आजारपण आले, तर बँकेत भरलेले जास्तीचे पैसे मागायला गेल्यावर सहजी परत मिळत नाहीत; आणि हप्ता चुकला तर खर्च वेगळाच सुरू होतो.

भाची बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "मामा, घराचे कागद बँकेकडे असतात ना? ते कधी मिळतात?" मी आत जाऊन कपाटातून माझी फाइल आणली. खरेदीखत, अनुक्रमणिका दोनचा उतारा, सोसायटीचा दाखला. कर्ज फिटल्यावर हे कागद मला दोन महिने हेलपाटे घालून मिळाले होते. आता कर्ज फिटल्यापासून तीस दिवसांत ते परत करावे लागतात. देणाऱ्याच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई आहे. डिसेंबर २०२३ पासून हा नियम आहे. तिने खरेदीखताचे पहिले पान उघडले, त्यावर घराची किंमत होती दहा लाख. ती म्हणाली, "आणि तुम्हाला केवढ्याला पडलं?" मी आकडा सांगितला. तिने तो पानाच्या कोपऱ्यात लिहून घेतला. दिनदर्शिकेचे ते पान घडी घालून ती पर्समध्ये घेऊन गेली.

गुरुवारी रात्री तिचा फोन आला. वीस वर्षांचा अर्ज भरला होता, विमा वेगळा घ्यायचे ठरवले होते, आणि खरेदी तिच्या एकटीच्या नावाने होणार होती. "यांनी नवी मोटारसायकल घ्यायची पुढे ढकललीय," ती म्हणाली, "म्हणतायत, जुनीलाच नवं टायर टाकू." मग थोडे थांबून तिने विचारले, "मामा, तो तेरावा हप्ता दिवाळीत भरायचा की मार्चमध्ये?"

"बोनस मिळेल त्या दिवशी," मी म्हटले. "दुसऱ्या दिवसाची वाट पाहू नका. दुसऱ्या दिवशी दुकानं उघडी असतात."